कागद खिशात ठेव

भाऊंच्या तेरवीनंतर चार दिवसांनी भोपाळहून फॉर्म आला. माजी सदस्य वारला की सदनात निधनाचा उल्लेख करतात, त्यासाठी थोडक्यात जीवन-परिचय लागतो. भाऊंच्या मुलानं तो फॉर्म मोबाइलवर मला पाठवला आणि खाली लिहिलं, 'मॅडम, हे तुमच्याशिवाय कोणाला जमणार नाही.'

त्याचं बरोबर होतं. फॉर्म भरणं, याद्या करणं, कागद जागच्या जागी लावणं ही कामं मला आयुष्यभर जमत आली आहेत. आज पांढुर्ण्याच्या एका शाळेची प्राचार्य आहे ती निम्मी त्याच जोरावर. अकरा रकाने होते. नाव, वडिलांचं नाव, जन्मगाव, शिक्षण, व्यवसाय, कार्यकाळ असे नऊ मी चहा निवायच्या आत भरले. दोन राहिले. एक 'अभिरुचि', दुसरा 'सदन में उल्लेखनीय वक्तव्य'. ते दोन भरायला मला दोन आठवडे लागले.

अभिरुचीचा रकाना मी भाऊंसाठी आधीही एकदा भरला होता. ते विधायक झाले (महाराष्ट्रात आमदार म्हणतात, आमच्याकडे विधायक) तेव्हा सदस्यांची परिचय पुस्तिका निघायची होती. भाऊ आपल्या वाडीतल्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बसले होते. मी विचारलं, "अभिरुचीत काय लिहू?"

"म्हंजे काय लिहितेत?"

"तुम्हाला काय आवडतं ते."

त्यांनी बराच विचार केला. "लोकायचं बोलणं आयकायले आवडते मले."

मी लिहिलं, 'पठन-पाठन एवं समाजसेवा'. इतर सदस्यांनी तसंच लिहिलं होतं. पुस्तिकेत तेच छापून आलं. ज्या माणसानं शाळा सुटल्यावर एक पुस्तक हातात धरलं नाही, त्याची आवड पठन-पाठन.

भाऊ माझ्या वडिलांचे शाळासोबती. सौसरच्या रस्त्यावर त्यांचं गाव, संत्र्याची वाडी, थोडी पऱ्हाटी म्हणजे कापूस. एकाच निवडणुकीत ते निवडून आले, तेही अपक्ष. कसे आले हे पुढाऱ्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. त्यांनी सभा घेतल्या नाहीत. गावागावात जाऊन पारावर बसायचे आणि म्हणायचे, "बोला." लोक बोलायचे. ते ऐकायचे आणि उठून पुढच्या गावाला जायचे.

विधायक झाल्यावरही त्यांचं ऑफिस म्हणजे घराची ओसरी. तिथं संत्री भरायच्या लाकडी पेट्या उलट्या करून ओळीनं मांडलेल्या असत. आधी आलेला भाऊंजवळच्या पेटीवर, नंतर आलेला त्याच्यामागे. एक उठला की सगळी रांग एकेक पेटी पुढे सरकायची. यात कोणाला सूट नव्हती. एकदा तहसीलदार आले, बाहेर जीप सुरूच ठेवून. भाऊंनी त्यांना सातवी पेटी दाखवली. साहेब घुटमळले तसे भाऊ म्हणाले, "बसा न साहेब. मजबूत हाय पेटी. मालानं भरली तरी मोडत नाई, तुमचं त काय वजन!" सहाव्या पेटीवरच्या बाईजवळ बकरी होती. ती बकरी तहसीलदारांच्या फाइलचा कोपरा खाऊन गेली, तोवर साहेबांचा नंबर आला नव्हता.

येणारा प्रत्येक जण कागद घेऊन यायचा. तहसिलीबाहेर बसणाऱ्या अर्जनविसाकडून लिहून आणलेला, 'सविनय निवेदन है कि' पासून सुरू होणारा. भाऊ तो हातात घ्यायचे नाहीत. त्यांचं ठरलेलं वाक्य होतं, "कागद खिशात ठेव. तोंडानं सांग."

एक म्हातारी म्हणाली, "मले कुठं खिसा हाय भाऊ?"

"मंग पदरात बांध माय. पण बोल."

कागद गेला की माणसं आधी गडबडायची. पाठ केलेलं सुटून जायचं. मग हळूहळू भलतंच काहीतरी बाहेर यायचं, आणि खरं काम ते असायचं. लोधीखेड्याकडचे एक आजोबा धुऱ्याच्या भांडणाचा अर्ज घेऊन आले होते. अर्जात दोन हात जमीन होती. तोंडानं सांगायला लागले तेव्हा निघालं ते असं की सख्खा भाऊ चार वर्षं बोलत नाही, नातवाच्या लग्नालाही आला नाही. जमीन गेली तरी चालेल, त्यानं एकदा घरी यावं. भाऊ त्याच दिवशी दुसऱ्या म्हाताऱ्याकडे जाऊन बसले. काय बोलले कोणास ठाऊक. धुऱ्याचा अर्ज काही पुन्हा आला नाही.

ते कोणाला 'करून देतो' म्हणत नसत. म्हणायचे, "हे काम आंबियाचं नाई, मिरगाचं हाय." संत्र्याचे दोन बहार असतात, आंबिया आणि मृग. एक लवकर हाती येतो, दुसऱ्याची वाट पाहावी लागते. ओसरीवरच्या प्रत्येकाला ते कळायचं. आणि काम खरंच हाती घेतलं असेल तर एकच शब्द, "बोलतो." भाऊ 'बोलतो' म्हणाले की माणूस पेटीवरून उठून निश्चिंत घरी जायचा.

आता दुसरा रकाना. उल्लेखनीय वक्तव्य.

भाऊंचं सदनातलं पहिलं बोलणं डीपीवर होतं. डीपी म्हणजे ट्रान्सफॉर्मर, पण इकडे त्याला ट्रान्सफॉर्मर म्हटलेलं मी ऐकलं नाही. तिगावच्या बाजूला एक डीपी जळली होती, विहिरीवरचे पंप बंद, ऐन उन्हाळ्यात वाड्या सुकत होत्या. भाऊंजवळ कागद नव्हता. ते उभे राहिले आणि त्यांना येत होती तशा हिंदीत बोलले. पुढे मी कार्यवाहीची, म्हणजे सदनातल्या बोलण्याच्या छापील नोंदीची, प्रत मिळवली, म्हणून शब्द नेमके सांगता येतात.

"अध्यक्ष महोदय, हमारे यहाँ की डीपी जल गई। साहब बोलते, प्रस्ताव भेजो। हमने भेजा। अब प्रस्ताव को मोटर तो जोड़ते नहीं आती!"

इथं कंसात '(हँसी)' असं छापलेलं आहे.

"हँस लो, हँस लो। मैं थांबता हूँ। आपका हँसना हो गया कि फिर बोलता हूँ।"

पुन्हा '(हँसी)'.

"संतरे का झाड़ मेरे जैसा नहीं है महोदय, उसको थांबते नहीं आता।"

कार्यवाहीत यापुढे मंत्र्यांचं उत्तर आहे. तेही हसत उठले असावेत. आठ दिवसांत डीपी बसेल म्हणाले. सहाव्या दिवशी बसली. भाऊ स्वतः खांबाखाली उभे राहून वायरमनला संत्री सोलून देत होते.

पण नागपूरच्या आणि भोपाळच्या हिंदी पेपरांत डीपी आली नाही, 'थांबता हूँ' आलं. चौकट करून. पांढुर्ण्याच्या बाजारात सावरगावच्या एका कापडवाल्यानं मला भर दुकानात विचारलं, "काय बाई, तुम्ही हिंदी शिकवता न? तुमचे विधायक भोपालात थांबून राहिले म्हणे!" दुकानातली गिऱ्हाइकं हसली. मी तेव्हा चोवीस वर्षांची होते, एका खासगी शाळेत हिंदी शिकवत होते, विद्यापीठात दुसरी आले होते. माझे कान तापले.

त्याच रविवारी मी ते कात्रण घेऊन भाऊंच्या ओसरीवर गेले. तीन पेट्या सरकून माझा नंबर आला. मी कात्रण पुढं केलं.

"कागद खिशात ठेव," भाऊ म्हणाले.

मी तोंडानं सांगितलं. असं बरं दिसत नाही. इतक्या मोठ्या सदनात आपली भाषा नीट हवी. यापुढे प्रत्येक प्रश्न, प्रत्येक भाषण मी लिहून देईन.

"तू लिहून देशीन त मी बोलीन काय?"

"तुम्ही वाचाल."

 मग त्यांनी विचारलं, "लोकायले लाज वाटून राहिली काय, बाई?"

मी म्हटलं, "हो."

लोकांना लाज वाटत नव्हती. डीपी बसली म्हणून तिगावकडच्या लोकांनी त्या आठवड्यात पेढे वाटले होते. लाज मला वाटली होती, आणि एका कापडवाल्याला मजा. पण भाऊ लोकांच्या बाबतीत कोणाशी वाद घालत नसत. म्हणाले, "मंग लिहून दे."

मी कामाला लागले. तीन रंगांच्या फाइली केल्या. लाल फाइलीत विचारायचे प्रश्न, पिवळीत विचारलेले, हिरवीत उत्तर आलेले. गावांची यादी केली, विभागांची केली, अधिवेशनाच्या दिवसांची केली. रोज संध्याकाळी शाळा सुटली की सायकलवरून बसस्टँडला, तिथून भाऊंच्या गावी. ओसरीवर लोक भाऊंना तोंडानं सांगायचे आणि मागच्या पेटीवर बसून मी त्याची चांगली हिंदी करायची. पुढे पुढे मी लोकांना सांगू लागले, येताना अर्ज लिहूनच आणा, मला सोपं जातं.

भाऊंनी सगळं निमूट केलं. पांढुर्ण्यात जाऊन चष्मा करून आणला. भाषण हातात धरून वाडीत झाडांच्या दोन ओळींमधून वाचत फिरायचे. 'विचाराधीन', 'तत्संबंधी', 'दृष्टिगत रखते हुए'. काकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, विहिरीवरून ओरडायच्या, "आहो, झाडायले काय समजते थे? मले आधी सांगा, कायले रागवून राहिले त्यायच्यावर!"

अधिवेशनाला ते गाडीनं जायचे, सोबत संत्र्यांनी भरलेली एक बोरी. ती मंत्र्यांसाठी नसायची, सदनाच्या दारावरच्या माणसांसाठी असायची. परत आले की मी विचारायची, "कसं झालं?"

"वाचलं."

"अडखळलात का कुठं?"

"नाई."

माझी हिरवी फाइल जाड होत गेली. तिच्यातली उत्तरं मात्र एकसारखी होती. परीक्षण केलं जात आहे. बजेटच्या उपलब्धतेनुसार कार्यवाही करण्यात येईल. मी ती तारखेनं लावून ठेवायची. पेपरात एकदा दोन ओळी आल्या, की या भागाचे विधायक अभ्यासपूर्ण मांडणी करतात. ते कात्रण मी हिरव्या फाइलीच्या आतल्या बाजूला चिकटवलं.

एकदा भोपाळहून आल्यावर भाऊ म्हणाले, "बाई, आता कोणी हासून नाई राहिलं."

मला ती शाबासकी वाटली.

कमलबाई ओसरीवर पहिल्यांदा आल्या त्या चौथ्या वर्षी. तिगावच्याही आत, नाल्यापलीकडच्या गावच्या. त्यांच्या गावात शाळा आठवीपर्यंत होती. नववीसाठी नाला ओलांडून जावं लागे. पावसाळ्यात नाला भरला की मुलगे कसेबसे जायचे, मुली घरी बसायच्या. कमलबाईंची मुलगी मंदा आठवीत पहिली आली होती. कमलबाईंना गावातच नववीचा वर्ग हवा होता. नवऱ्यानं एक वर्ष थांबायचं कबूल केलं होतं. वर्ग आला तर पोरगी शिकेल, नाही आला तर आईबरोबर कापूस वेचायला जाईल.

माझ्या सांगण्यावरून त्यांनी अर्ज लिहून आणला होता. भाऊंनी तो पदरात बांधायला लावला.

"सांग माय."

"काय सांगू भाऊ. पोट्टी पास झाली, पण घरी राह्यत नाई. रोज सकाळी दप्तर घेते न् आठवीच्याच वर्गात जाऊन बसते. मास्तर म्हणते, बाई, तुहं झालं आता, कायले येते? थे म्हणते, पुढचा वर्ग येईन तवा मले इथूनच जाता येईन. सहा महिने झाले, भाऊ. त्याच बाकावर बसून राहिली."

 भाऊंनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

"बोलतो," ते म्हणाले.

दोन अधिवेशनं प्रश्न लागलाच नाही. प्रश्नांची सोडत निघते, नाव यावं लागतं. मग शेवटचं अधिवेशन आलं, त्यानंतर निवडणूकच होती. शून्यकालात भाऊंची सूचना लागली. शून्यकाल म्हणजे प्रश्नोत्तरं संपल्यावर सदस्यांना तातडीचं काही मांडता येतं, तो थोडासा वेळ. सूचना आधी लिहून द्यावी लागते. मी दोन पानं लिहिली. शाळांमधली अंतरं, नाल्याची स्थिती, शासनाचं धोरण, सगळं क्रमानं. इतकं नेटकं मी त्याआधी काही लिहिलं नव्हतं.

भाऊंनी बोट ठेवून दोन्ही पानं वाचली. मग विचारलं, "यात तिचं बोलणं कुठं हाय?"

"कोणाचं?"

"कमलबाईचं. थे पोट्टी बाकावर जाऊन बसते, थे."

"भाऊ, तसं लिहीत नाहीत. सूचना मुद्द्याची असते."

"मले थेच सांगायचं हाय."

"दोन मिनिटं मिळतात. तेवढ्यात हे सगळं बसवायचं आहे. त्याला वेळ नाही."

भाऊंनी पानं घडी करून खिशात ठेवली.

त्या वेळी भाऊंनी कमलबाईंना सोबत नेलं, आणि मलाही. कमलबाईंनी भोपाळ सोडा, इटारसीही पाहिलं नव्हतं. प्रेक्षकांच्या गॅलरीत आम्ही दोघी शेजारी बसलो. त्यांनी चपला बाहेर काढायच्या का, असं मला विचारलं. खाली गोंधळ चालला होता. कुठल्याशा विषयावर दोन्ही बाजूंचे लोक उभे होते. वेळ भराभर जात होता आणि अध्यक्ष कामकाज रेटत होते. मी घड्याळ पाहत होते.

भाऊंचं नाव पुकारलं गेलं. ते उभे राहिले. खिशातून पानं काढली. चष्मा लावला. आणि मग, हे मी वरून स्पष्ट पाहिलं, त्यांनी चष्मा काढला, पानांची घडी घातली आणि ती खिशात ठेवून दिली.

"अध्यक्ष महोदय," ते म्हणाले, "एक लड़की है..."

"माननीय सदस्य, आपकी सूचना लिखित में आ चुकी है?"

भाऊंनी खिशाला हात लावला. "हाँ, आई तो है, पर..."

"तो पढ़ी हुई मानी जाएगी।" आणि पुढचं नाव.

यात चूक कोणाची नव्हती. वेळ कमी असला की नियमानं तसंच करतात. लेखी आलेली सूचना वाचली गेली असं मानायचं आणि कार्यवाहीत पूर्ण छापायची. त्या दिवशी कितीतरी सदस्यांचं तसंच झालं. पण डीपीच्या वेळी भाऊंजवळ कागद नव्हता. त्यांना ऐकून घेण्यावाचून सदनाला दुसरा मार्ग नव्हता. आता कागद होता. माझा. त्यामुळे त्यांनी बोलायची गरज उरली नव्हती.

ते थोडा वेळ उभेच राहिले. पुढचा सदस्य बोलायला लागला होता. मग ते बसले.

कमलबाईंनी मला कोपरानं हलवलं. "झालं काय भाऊचं बोलणं?"

मी म्हटलं, "हो, झालं."

त्यांनी दोन्ही हात जोडून खालच्या सभागृहाला नमस्कार केला.

परतताना इटारसीला गाडी बदलायची होती. फलाटावर बाकावर आम्ही तिघं बसलो होतो. कमलबाईंनी भाकर सोडली, आधी भाऊंना दिली. भाऊंनी ती हातात धरली आणि म्हणाले, "माय, मी बोललो नाई."

कमलबाई माझ्याकडे पाहायला लागल्या. मी रुळांकडे पाहिलं.

"बाई त म्हणे, झालं."

"कागदाचं झालं. माहं नाई झालं. मी तुले 'बोलतो' म्हटलं होतं."

कमलबाईंनी भाकरीकडे बोट केलं. मग म्हणाल्या, "खा न भाऊ. सकाळपासून काई नाई खाल्लं तुम्ही."

भाऊ मला त्या प्रवासात काही बोलले नाहीत, आणि नंतरही कधी नाहीत. रागावले असते तर मी बाजू मांडली असती. माझ्याजवळ मुद्दे तयार होते. ते मुद्दे अजून माझ्याजवळच आहेत.

निवडणुकीत भाऊ पडले. चांगलेच पडले. मी गावांची यादी घेऊन मतं कुठं गेली ते तपासत बसले. कारण मला त्या यादीत सापडलं नाही, तिगावच्या स्टेशनवर सापडलं. चहावाला दुसऱ्याला सांगत होता, "भाऊ भले माणूस, पण भोपालले जाऊन साहेब झाले. पहिले बोलत होते, आता वाचते म्हणे." ज्यांना लाज वाटते असं मी सांगितलं होतं ते लोक हे.

हरल्यावर भाऊ वाडीत परत गेले. पेट्या पुन्हा सुलट्या झाल्या, त्यांत संत्री भरली जाऊ लागली. मी सरकारी नोकरीत लागले, लग्न झालं, बदल्या झाल्या. पांढुर्ण्याला परत आले तेव्हा भाऊ थकले होते. मी महिन्यातून एकदा जायची. ते मला वाडी दाखवायचे, कोणत्या झाडाला कोणता बहार धरला ते सांगायचे. चष्मा त्यांनी ठेवलाच नव्हता. जुन्या दिवसांचा विषय मी तीनचारदा काढायचं ठरवून गेले होते. डायरीत तशी नोंदही आहे, 'भाऊंशी बोलणे'. दर वेळी ती मी पुढच्या महिन्याच्या पानावर उतरवली. शेवटची नोंद ते गेले त्याच महिन्याच्या पानावर आहे.

माझ्या कपाटात कार्यवाहीच्या दोन प्रती आहेत. एका प्रतीत डीपी आहे, मोडकी हिंदी आणि कंसातली हँसी. दुसऱ्या प्रतीत भाऊंच्या नावाखाली दोन पानं सलग, शुद्ध, एकही अडथळा नसलेली. उद्या कोणी ते खंड उघडले तर त्याला वाटेल, हा माणूस शेवटी शेवटी किती चांगला बोलायला लागला होता. त्या दोन पानांतला एकही शब्द भाऊंचा नाही आणि एकही त्यांच्या तोंडून निघालेला नाही. त्यांचे तिथं तीन शब्द होते, 'एक लड़की है'. ते छापलेले नाहीत.

दोन आठवड्यांनी मी फॉर्म पुरा केला. अभिरुचीत लिहिलं, 'लोगों की बात सुनना'. उल्लेखनीय वक्तव्यात डीपीचं भाषण शब्दन् शब्द उतरवलं आणि भाऊंच्या मुलाला नेऊन दिलं. तो ओसरीवर उभा राहून वाचायला लागला.

"मॅडम, याची हिंदी थोडी सुधारून देता काय? भोपालले जाऊन राहिलं."

"नाही. आहे तसंच जाऊ दे."

त्यानं मान हलवून पुढं वाचलं. 'मैं थांबता हूँ' पर्यंत आला आणि फसकन हसला. मग आतून काकूंना हाक मारली, "आई, इकडं ये, बाबा काय बोलले होते पाय!" काकू आल्या, त्यांना त्यानं पहिल्यापासून मोठ्यानं वाचून दाखवलं. त्याही हसल्या आणि डोळ्यांना पदर लावला. मी तिथून निघाले.

डायरीत आता एकच काम उरलं होतं, मंदाला भेटणं.

मंदा गावातल्या त्याच शाळेत आहे. गावात नववी-दहावी आली, पण बरीच वर्षं उशिरा. तोवर ती कापूस वेचून, लग्न करून, दोन मुलांची आई होऊन गावातच राहिली होती. कमलबाई राहिल्या नाहीत. मंदा आता शाळेत मध्यान्ह भोजन रांधते. हे मला ठाऊक होतं, कारण आसपासच्या शाळांतल्या स्वयंपाकिणींची यादी माझ्याकडे येते आणि तिच्यात तिचं नाव मी दरवर्षी पाहते. यादीत पाहणं सोपं जातं.

मी गेले तेव्हा ती भाताच्या पातेल्यासमोर बसली होती. मला ओळखलं नाही. मी कोण ते सांगितलं, भाऊ गेले हे सांगितलं. तिला कळलं होतं. मी पिशवीतून ती दोन पानं काढली.

"भाऊंनी तुझ्यासाठी सदनात दिलं होतं हे."

तिनं हात पदराला पुसून पानं घेतली. हळूहळू वाचू लागली. आठवीतल्या पहिल्या नंबरच्या मुलीसारखी, ओठ न हलवता. दुसरं पान उलटून मागेही काही आहे का ते पाहिलं.

"यात मी कुठं आहो, मॅडम?"

"नाहीस. भाऊंना सांगायचं होतं. मी लिहिलं नाही."

"काऊन?"

"वेळ नाही म्हटलं."

तिनं पानं परत माझ्या हातात दिली. चुलीतलं लाकूड मागं ओढलं. "मंग आता सांगा. काय सांगणार होते भाऊ?"

मी पानं पिशवीत ठेवली. मला कागदाशिवाय समोर बसून बोलायची सवय नाही. मग म्हटलं, "एक मुलगी आहे. ती आठवी पास झाली. गावात पुढचा वर्ग नाही. ती रोज सकाळी दप्तर घेऊन आठवीच्याच वर्गात जाऊन बसते. मास्तरांनी विचारलं तर म्हणते, पुढचा वर्ग आला की मला इथूनच जाता येईल. सहा महिने ती त्याच बाकावर बसली आहे."

सवयीनं माझी नजर घड्याळाकडे गेली. अर्धं मिनिटही लागलं नव्हतं.

"एवढंच होतं?" मंदानं विचारलं.

"एवढंच."

बाहेर जेवणाची घंटा झाली. मंदानं पातेल्यावरचं झाकण काढलं आणि वाफ जाईपर्यंत तोंड बाजूला वळवून बसली.